खांबाचा पांढरा झगा

पीव्हीसीचे पाइप खेड्यापाड्यांत नुकतेच पोचले होते, तेव्हाची ही गोष्ट. भिकूतात्या रोज ओसरीच्या लाकडी खांबाला टेकून पान लावायचे आणि बोटावर उरलेला चुना त्याच्या बुडाशी पुसायचे. खांब अगदी वैतागायचा.

शेवटी सूनबाईने पीव्हीसीचा रुंद पाइप उभा चिरून त्याच्यावर पांढराशुभ्र झगा चढवला. खांबाला आकाश ठेंगणं झालं. मांजर चढायला गेलं, ते सुर्रकन खाली आलं. खारही घसरली. तात्यांचा चुना तर ओल्या फडक्याने क्षणात निघाला.

"सुटलो एकदाचा," खांब खिदळला.

"आम्हीही," बुडाशी कुणीतरी म्हणालं.

"कोण?"

"वाळवी. त्या चुन्याने तोंड भाजायचं हो आमचं. चला गं मुलींनो, पंगत बसू द्या."

दोन वर्षांनी सूनबाई झग्यावर फडकं फिरवत म्हणाली, "बघा मामंजी, खांब अजून नव्यासारखा आहे."

तात्या कौतुकाने टेकले, आणि रिकामा झगा त्यांच्यासकट वाकला.