गणित बावन्नावं

“आणि दोघं भाऊ शेजारी बसले, तर किती?” कमळगिरी बाबांनी विचारलं.

“अठ्ठेचाळीस,” टोपे मास्तर ताडकन म्हणाले. “एकूण एकशेवीस. त्यातून अठ्ठेचाळीस वजा. उरले बहात्तर. चूक कुठं आहे ते दाखवा!”

बाबा मांडीवरचं पुस्तक न्याहाळत राहिले.

पुस्तक मास्तरांचंच. शिष्यवृत्तीच्या परीक्षेला बसणारी तालुक्यातली निम्मी पोरं तेच घोकायची. अकरा आवृत्त्या निघाल्या, पण एकाही उत्तराला कुणी बोट लावलं नव्हतं. आणि आता नदीकाठच्या या एवढ्याशा मठातून कमळगिरी बाबांनी निरोप धाडला होता... गणित बावन्नावं चुकलंय, येऊन बघा. मास्तरांचं पित्त खवळलं. मिळेल ती एसटी धरून ते थेट इथं येऊन थडकले होते.

“एकदा वाचा बरं मोठ्यानं.”

मास्तरांनी वाचलं. “पंगतीत पाच पाट एका ओळीत मांडले आहेत. पाच जण जेवायला बसतात. त्यांपैकी दोन भाऊ शेजारी-शेजारी बसत नाहीत. तर ते पाच जण किती प्रकारे बसतील?”

“का बसत नाहीत?”

“...त्याचा गणिताशी काय संबंध?”

संबंध होता. नऊ वर्षांपूर्वी पुतण्याच्या लग्नात मास्तरांच्या थोरल्या भावानं, सुदामदादानं, पहिल्या पंगतीला व्याह्यांना बसवलं आणि सख्ख्या भावाला म्हणाला, “विसू, तू काय घरचाच. थांब जरा.” घरचाच! मास्तर उपाशी निघून गेले ते गेलेच. त्याच वर्षी त्यांनी हे गणित पुस्तकात घातलं. पुढं दादा कुठं आहे, कसा आहे, हे त्यांनी कुणाला विचारलं नाही, कुणाला सांगूही दिलं नाही.

“आधी जेवून घ्या,” बाबा म्हणाले. “मग चूक दाखवतो.”

ओसरीवर पाच पाट होते, पाच पानं होती. एकावर बाबा बसले, मग गावचा लोहार, मग नावाडी, मग मास्तर. मास्तरांच्या शेजारचं पान रिकामं.

डोक्यावरून पंचा घेतलेला एक वाकलेला म्हातारा वाढत होता. मास्तर मनात बावन्नावं गणितच उलटंपालटं करत होते. वाढप्याच्या तोंडाकडे कोण बघतं! भात आला, वरण आलं. सगळ्यांना वांग्याची भाजी आली. मास्तरांच्या पानावर मात्र भोपळा पडला.

मास्तरांचा घास हातातच राहिला. वांगं खाल्लं की त्यांच्या घशाला खाज सुटायची, अगदी लहानपणापासून. इथं ते कुणाला ठाऊक?

“बाबा... हे पाचवं पान कुणाचं?”

“वाढप्याचं. नऊ वर्षं रोज मांडतो आम्ही. पण तो काही बसत नाही. सगळ्यांचं उरकलं की चुलीपाशी उभ्यानंच चार घास खातो.”

“का?”

“माझ्या दारातनं भाऊ उपाशी गेला, म्हणतो. मी कुठल्या तोंडानं पाटावर बसू?”

मास्तरांनी मान वर केली.

पंचाखालचा चेहरा निम्मा झाला होता. दात गेले होते. पण डोळे तेच होते...

“दादा!”

वर्षानुवर्षं हजारो पोरांकडून मास्तरांनी या माणसाला बहात्तर प्रकारे बसवून घेतलं होतं. आणि हा एकदाही बसला नव्हता.

“पाच जण बसतात, असं छापलंय तुम्ही,” बाबा शांतपणे म्हणाले. “बसलेत किती?”

“...चार.”

“मग?”

मास्तर धडपडत उठले. उष्ट्या हाताचंही भान राहिलं नाही. त्यांनी दादाच्या हातातलं ओगराळं ओढून घेतलं.

“बस, दादा. चुकलं माझं. आज मी वाढतो, तू जेव.”

“अरे विसू, तुझं पान अर्धं टाकून...”

“बस म्हणतो ना!”

दादा बसला. गुडघे कुरकुरले, पण नऊ वर्षांनी तो पाटावर बसला. मास्तरांनी त्याच्या पानावर भात वाढला, वरण वाढलं. डोळ्यांतलं पाणी त्यांनी पुसलंसुद्धा नाही. सुटलं एकदाचं गणित, असं त्यांना वाटलं. ओगराळं हातात धरून, उभ्याउभ्याच त्यांनी मोठ्या आशेनं बाबांकडे पाहिलं.

बाबांनी ओळीवरून बोट फिरवलं. एकेका पाटाशी थांबत... सावकाश.

“मास्तर, अजून चारच आहेत.”