रोज एकच शेंग

घरं फुकट मिळण्याचा काळ नुकताच संपला होता, तेव्हाची गोष्ट. आंब्याच्या झाडावरची ढोली घुशीबाईच्या मालकीची होती. तिला झाडावर चढता येत नसे, तरी मालकी तिचीच! पिल्लं होणार म्हणून खारीला ती ढोली हवी होती.

"किंमत शंभर शेंगा," घुशीबाई म्हणाली. "एवढ्या नाहीत? मग रोज एकच दे गं बाई."

"एकच? परवडेल की!" खारीनं शेपूट उडवली.

"किती दिवस, ते विचारलंस का?" वरून साळुंकी ओरडली.

"वर्षभर फक्त," घुशीबाई पुटपुटली.

साळुंकीनं खारीला तिथल्या तिथे, वर्षभरात द्याव्या लागणाऱ्या प्रत्येक शेंगेमागे एक खडा ढोलीत टाकायला लावला. शंभर खड्यांत किंमत फिटली. दोनशे खड्यांत ढोली भरली. उरलेले एकशे पासष्ट खाली घुशीबाईच्या डोक्यावर पडले.

"अगं, मग मी राहू कुठं?" खार म्हणाली. "रोज दोन देईन, साठच दिवस. नको असेल तर तूच ये वर राहायला!"

घुशीबाईनं उंच बुंध्याकडे पाहिलं आणि मुकाट्यानं मान डोलावली.

आता ढोलीत पिल्लं दंगा करतात. घुशीबाईकडे नवं गिऱ्हाईक आलं, की त्यांची आई खडे गोळा करायला धावते.