महाराजांची झडती

खड्गसेन महाराजांना चारचौघांत गुदगुल्या झाल्या आणि त्यापायी बासष्ट माणसांच्या पोटावर पाय आला!

झालं असं, की महाराज मेहुण्याच्या लग्नाला निघाले होते. राजधानीच्या विमानतळावर नियमच होता, की राजा असो की रंक, झडतीशिवाय कुणाला विमानात सोडायचं नाही. नियम केला होता खुद्द महाराजांनीच! तपासनीस महादबाने बिचाऱ्याने तो पाळला. त्याने महाराजांच्या काखेखालून हात फिरवला मात्र, महाराज असे काही खिदळले की पगडी घरंगळत रांगेच्या टोकाला गेली. सगळी रांग हसली. प्रधानजी हसू दाबता दाबता खोकत सुटले.

लग्नाहून परतल्या परतल्या महाराजांनी हुकूम सोडला, "उद्यापासून प्रवाशांच्या अंगाला हात लावणं बंद! धातू लागताच किंचाळणारी ती कमानही काढून टाका! पण लपवलेली वस्तू मात्र सापडलीच पाहिजे!"

"ते कसं जमायचं, महाराज?" प्रधानजींनी भीत भीत विचारलं.

"ते झडतीवाल्यांनी बघावं! उद्या सकाळी मी जातीने येतो. माझी राजमुद्रा तिथे हजर असलेल्या एकाच्या अंगावर असेल. विमान उडायच्या आत ती शोधा. हात लावायचा नाही, कपडा उतरवायला सांगायचं नाही, पिशवी उघडायची नाही. नाही सापडली, तर बासष्टच्या बासष्ट झडतीवाले घरी!"

हे ऐकून इठाबाईचं डोकंच फिरलं. बायकांच्या रांगेत ती अकरा वर्षं झडती घेत होती. नवरा बांधकामाच्या परांचीवरून पडून, पाय मोडून अंथरुणाला खिळलेला, घर चालायचं ते तिच्या एकटीच्या कामावर. गुदगुल्या झाल्या यांना आणि उपाशी मरायचं आम्ही? हा कुठला न्याय! रागारागात तिने चहा केला, तो साखर न घालताच प्याली, आणि पिता पिता तिला बापाचं जत्रेतलं बांगड्यांचं दुकान आठवलं. मग मात्र ती गालातल्या गालात हसली.

सकाळी चाळीस प्रवासी रांगेत उभे होते. दरवाजाशेजारी उंच खुर्चीवर महाराज बसले होते, मिशीला पीळ देत. इठाबाईने मुजरा केला.

"म्हाराज, हाताला बंदी हाय. तोंडाला तर न्हाई ना?"

"बोल की हवं तेवढं! बोलून का कुणाची झडती होते?"

इठाबाई स्टुलावर चढली आणि खच्चून ओरडली, "आयाबायांनो, बापूंनो, सांभाळा! हितं अट्टल पाकीटमार शिरलाय!"

एकच तारांबळ उडाली! एका काकूंचा हात मंगळसूत्रावर गेला, एका आजींचा कनवटीला. कोटवाल्या गृहस्थांनी आतला खिसा घट्ट धरला. एका बाईने पदराआडची लोणच्याची बरणी पोटाशी कवटाळली. आणि एका शेटजींनी दोन्ही हातांनी डोक्यावरचा फेटा दाबून धरला.

"सापडला!" प्रधानजी आनंदाने ओरडले. "मुद्रा फेट्यात आहे!"

"कसली मुद्रा!" शेटजी कुजबुजले. "टक्कल आहे हो! मुलगी बघायला निघालोय, फेटा गेला तर सोयरीक मोडेल माझी!"

महाराज पोट धरून हसले. बाहेर विमानाची घरघर सुरू झाली.

"बाई, हरलीस!"

"हरले कशी?" इठाबाई रांगेकडे वळलीच नाही. ती सरळ महाराजांपुढे जाऊन हात जोडून उभी राहिली. "म्हाराज, डाव्या मोज्यात टोचत आसंल. हात लावायची बंदी हाय, तवा आपणच काढून द्या."

महाराजांचा चेहरा बघण्यासारखा झाला! त्यांनी वाकून मोज्यातून राजमुद्रा काढली.

"तुला कळलं कसं?"

"बापाच्या दुकानात बसून बघितलंय म्या. जत्रंत हवालदार वरडतो, 'पाकिटं सांभाळा!' आन् चोर त्याचीच वाट बघत आसतो. ज्याचा हात जितं जाईल, तितं त्याचा ऐवज! म्या वरडले, तवा म्हाराजांचा हात डाव्या पोटरीला गेला. आपणच आपली झडती घेतली, म्हाराज!"

"शाब्बास! मग रोज असंच ओरडायचं! झडती कायमची बंद!"

"रोज?" इठाबाई म्हणाली. "उद्या लोक हसतील, आन् परवा चोर मुद्दाम भलत्याच खिशाला हात लावंल! ही युक्ती एक डाव चालती. रोजचं काम हातानंच व्हायाचं."

"आणि गुदगुल्या?"

"त्या तळहातानं होत्यात. आम्ही बायकांच्या रांगंत हात पालथा फिरवतो, कुनाला वंगाळ वाटू नये म्हनून. अकरा वर्सं झाली, येक बाई खिदळली न्हाई! पर गड्यांच्या रांगंतनं आमाला इचारायला कुनी आलंच न्हाई!"

महाराज ताडकन उठले आणि दोन्ही हात पसरून उभे राहिले. "महादबा, ये! घे झडती!"

महादबा पुढे आला. त्याने हात पालथा केला आणि देवाचं नाव घेत काखेखालून फिरवला. महाराजांची मिशीसुद्धा हलली नाही! आणि मग एकाएकी ते गडगडाट करून हसत सुटले. महादबा चार पावलं मागे सरला.

"मेलो! पुन्यांदा गुदगुल्या?"

"नाही रे!" डोळे पुसत महाराज म्हणाले. "माझंच मला हसू येतंय! नुसता हात उलटा करायचा होता, आणि मी अख्खा विमानतळ उलटा करायला निघालो होतो!"

बासष्ट जण तिथल्या तिथे कामावर कायम झाले. इठाबाई दोन्ही रांगांची मुख्य झाली, आणि ती घरी पोचली तेव्हा महाराजांनी तिच्या घरची चौकशी करून धाडलेले राजवैद्य तिच्या नवऱ्याचा पाय तपासत बसले होते.