बिननावाच्या दोघी

"आणि हा आरसा?" मंदाताईंनी विचारलं.

"दुभंगलेली ओळख," इरा म्हणाली.

"डाळिंब?"

"दडपलेली आठवण."

लॅपटॉपवर इराचा वीस मिनिटांचा सिनेमा संपत आला होता. दोन बायका, दोघी पाठमोऱ्या.

"या कोण?"

"कुणीही असू शकतात, ताई. तेच तर त्यातलं सौंदर्य आहे."



रत्नागिरीत मंदाताईंनी तीस वर्षं फिल्म सोसायटी चालवली होती. जपान, कोरिया, तैवानचे, बाईनं बाईवर प्रेम केल्याचे सिनेमे त्यांनी इथं दाखवले; पत्रिकेवर 'मैत्रीची कथा' असं छापून. त्याच सिनेमांतल्या प्रतीकांवर इरानं प्रबंध लिहिला होता. आज ती शाबासकी घ्यायला आली होती.

"आम्हाला खुणांनीच बोलावं लागायचं," मंदाताई म्हणाल्या. "तुझी काय अडचण आहे?"

"अडचण कसली? प्रतीकांनी सिनेमाला खोली येते."

"असं?"

इराला जरा रागच आला. तेवढ्यात आतल्या खोलीतून फिलोमिनाबाई आल्या. मंदाताईंसोबत एकेचाळीस वर्षं याच घरात राहिलेल्या. तीन वर्षांपासून त्यांना विस्मरणाचा आजार होता.

त्यांनी मंदाताईंकडे बराच वेळ पाहिलं.

"बाई, तुम्ही कोण?"

इरानं मान खाली घातली.

मंदाताईंनी त्यांना हात धरून शेजारी बसवलं. चेहऱ्यावर आलेली बट कानामागे सारली. "मी मंदा. तुझी जोडीदार."

फिलोमिनाबाई दचकल्या. घाईघाईनं त्यांनी मंदाताईंच्या तोंडावर हात ठेवला आणि खिडकीकडे पाहिलं.

"हळू बोला! शेजारी ऐकतील."

मंदाताईंनी तो हात तसाच राहू दिला...

नाव गेलं होतं, चेहरा गेला होता. एवढं मात्र राहिलं होतं.

इरानं लॅपटॉप मिटला.

"त्या पाठमोऱ्या दोघींतली एक मी आहे, ताई."

"आणि दुसरी?"

"तिला दाखवला मी सिनेमा. शेवटपर्यंत नीट पाहिला तिनं. मग म्हणाली, यात मी कुठं आहे?" इराचा आवाज चिरकला. "महिना झाला. माझा फोन घेत नाही."

"तू काय सांगितलंस तिला?"

"डाळिंबाचा अर्थ."

मंदाताई हसल्या नाहीत. फिलोमिनाबाई इराकडे मायेनं बघत होत्या. कुणाची तरी मुलगी रडतेय, एवढं त्यांना कळत होतं. त्यांनी आपला पदर पुढे केला. इरानं त्याला डोळे पुसले.

"नाव काय तिचं?" मंदाताईंनी विचारलं.

इराची नजर नकळत खिडकीकडे गेली.

"शर्वाणी," ती पुटपुटली.

मंदाताईंनी कानामागे तळवा धरला.

"मोठ्यानं बोल, बाळ. शेजाऱ्यांना ऐकू आलं नाही."