गेलेली घटका

"आणि बुडालं, की मग?" नरहर जोशींनी विचारलं.

"बुडालं, की गेलेली एक घटका परत मिळते," माई म्हणाल्या. "ज्याने पाण्यात सोडलं त्याला. मागेल ती."

"कितीही जुनी?"

"कितीही."

"आणि किती वेळा?"

"माणसाला एकदाच."



माईंच्या मांडीवर तांब्याचं घटिकापात्र होतं. लग्नात घंगाळातल्या पाण्यावर सोडतात तसलंच, तळाला बारीक भोक असलेलं. भोकातून पाणी आत चढतं, घटका भरली की पात्र बुडतं, मग अंतरपाट दूर होतो. लग्नांचे मुहूर्त काढणाऱ्या जोशींच्या डोळ्यांदेखत अशी पात्रं किती बुडाली असतील, त्याला गणती नाही.

पण ह्या पात्राची कथाच वेगळी. कुणी म्हणे, एका राजाने ते सोडून हरलेली लढाई पुन्हा लढली, आणि पुन्हा हरला. कुणी म्हणे, एका म्हातारीने लहानपणची एक दुपार मागून घेतली आणि टेकडी उतरताना ती एकटीच खुदुखुदु हसत होती. खरंखोटं माईंनाच ठाऊक. त्या टेकडीवरच्या तळ्याकाठी एकट्या राहत, आल्यागेल्याला आधी ताक देत आणि विचारल्याशिवाय बोलत नसत. विचारल्यावरही फारसं बोलत नसत, ही गोष्ट निराळी.

तळ्यावर धुकं पसरलं होतं. पाणी कुठे संपतं आणि आभाळ कुठे लागतं, ते कळत नव्हतं. कमळं मधेच दिसत, मधेच नाहीशी होत. एक बगळा अगदी जवळून उडाला, पण पंखांचा आवाज आलाच नाही.

आपण जागे आहोत की झोपेत, जोशींना सांगता येईना. दिवस किती वर आला असेल, तेही सांगता येईना. हे मात्र त्यांच्या बाबतीत नवलच होतं.

"कोणती घटका हवी?" माईंनी विचारलं.

"अक्काची."

माईंनी मान वर केली.

"माझी थोरली बहीण. आई गेली तेव्हा मी पाळण्यात होतो. अक्काने वाढवलं मला. स्वतः उपाशी राहून वाढवलं. शेवटच्या दुखण्यात तिचा निरोप आला, नरूला म्हणावं, डोळे मिटायच्या आत ये. मी उठलो. पिशवी घेतली. उंबऱ्यापाशी आलो..."

"आणि?"

"राहुकाळ सरायला एक घटका बाकी होती."

"मग?"

"मग ओट्यावर बसलो." जोशींनी मान ताठ केली. "माझं गणित चुकलं नव्हतं हो, माई. पंचक्रोशीत कुणालाही विचारा. नरहर जोश्याने काढलेली वेळ पळाने इकडची तिकडे होत नाही. अशुभ वेळेला पाऊल उचलायचं आणि तिच्या दारात काय न्यायचं? तिच्या भल्यासाठीच थांबलो मी."

"पोचलात तेव्हा?"

"हात अजून गरम होता तिचा."

ताठ मान हळूहळू खाली आली.

"शेजारीण म्हणाली, आत्ता... अगदी आत्ता गेल्या. दाराकडे तोंड करून निजल्या होत्या. कुणाचंही पाऊल वाजलं की विचारायच्या, नरू आला का गं?"

ज्याच्यापुढे सारा गाव वाकायचा, तो माणूस उपरण्यात तोंड खुपसून हमसून हमसून रडला. माईंनी रडू दिलं.

बऱ्याच वेळाने त्या म्हणाल्या, "ती घटका मिळाली तर काय कराल?"

"काही नाही. उशाशी बसेन. ती विचारेल, आलास का रे? मी म्हणेन, आलो गं. बास. दुसरं काही नको मला. राहिलेलं सगळं आयुष्य घ्या, पण एवढं द्या."

माईंनी पात्र उचललं आणि त्यांच्या ओंजळीत ठेवलं.

"पायरी उतरा. सोडा पाण्यात."

जोशी पायरी उतरले. पाणी पायांना गार लागलं. पात्र केवढंसं, पण त्यांनी ते दोन्ही हातांनी धरलं होतं. ते वाकले, आणि समोरच्या धुक्यात काहीतरी हललं...

एक दार होतं. अर्धं उघडं. आत खाट, खाटेवर जुनी गोधडी, गोधडीबाहेर आलेला एक वाळका हात. हातात हिरव्या बांगड्या. सुंठ उगाळल्याचा वास आला. इतका खरा वास, की जोशी आणखी पुढे वाकले.

"कोण आलं गं?" आतून कुणीतरी विचारत होतं. "नरू का?"

पात्राचा तळ आता पाण्याला लागणार, तेवढ्यात वारा सुटला. धुकं जरा बाजूला झालं. पलीकडच्या वडावर सूर्य दिसला, चांगला कासराभर वर आलेला.

जोशींनी मान वर करून सूर्याकडे पाहिलं. मग वडाकडे. मग पायरीवर पडलेल्या सावलीकडे. पात्र एका हातात आलं आणि दुसऱ्या हाताचा अंगठा आपसूक बोटांच्या पेरांवरून फिरू लागला.

"माई," ते वळून म्हणाले, "आज सोमवार. राहुकाळ लागला की! बोलण्याच्या नादात ध्यानातच आलं नाही बघा. एवढा टळून जाऊ द्या. जन्मात एकदाच मिळायची गोष्ट, तिला नाट लागायला नको."



तळ्यात कुठेतरी मासा उसळला. पात्र जोशींच्या हातात होतं, पाण्यापासून चार बोटं वर.

माईंनी खांद्यावरची घोंगडी काढली. पायरीवर नीट अंथरली. सुरकुती राहिली होती, ती हाताने सारखी केली.

"बसा, जोशीबुवा," त्या म्हणाल्या. "अक्कांना वाट बघायची सवय आहे."