आईला मारून टाका

कुमुदताई मालिका लिहायच्या आणि तिची निर्मितीही करायच्या, पण त्यांचा चेहरा कुणालाच ठाऊक नव्हता. घरोघरी गाजत होता तो त्यांच्या नायकाचा, अभिराजचा चेहरा. मालिकेत त्याच्या आईची भूमिका करणाऱ्या शरयूबाई मात्र अलीकडे वाक्यं विसरू लागल्या होत्या.

एकदा त्यांच्यामुळे चित्रीकरण खोळंबलं, तसा अभिराज तडक कुमुदताईंकडे आला. "ताई, पुढच्या भागात आईला मारून टाका. नाहीतर मी मालिका सोडतो."

"सोडा की," कुमुदताई शांतपणे म्हणाल्या. "आई विसरायला लागली म्हणून मुलगा घर सोडून गेला, असं लिहीन. लोकांना लगेच पटेल."

अभिराज वरमला. त्यानं विचारलं, "आणि थांबलो तर?"

"तर आई विसरेल आणि मुलगा आठवण करून देईल. मग बाईंचं विसरणं चूक ठरणारच नाही."

दुसऱ्या दिवशी कॅमेऱ्यासमोर शरयूबाई पुन्हा अडल्या आणि घाबरून अभिराजकडे बघू लागल्या. त्यानं त्यांना पुढचं वाक्य सांगायचं होतं. त्याऐवजी त्यानं त्यांचा हात हातात घेतला.

"नाही आठवलं तरी चालेल, आई."

हे वाक्य कुमुदताईंनी लिहिलेलं नव्हतं. त्यांनी ते तसंच ठेवलं.