मुठीत राहिलेली सुपारी

नदीकाठच्या एका गावात एक कासार राहायचा. बांगड्या भरायला त्याचा हात इतका हलका, की लहान पोरीसुद्धा रडायच्या नाहीत. स्वभाव मात्र भलता काळजीखोर. ऊन पडलं तर काळजी, पाऊस पडला तर काळजी, आणि एखाद्या दिवशी काहीच बिनसलं नाही, तर आज काहीच कसं बिनसलं नाही याची काळजी. काळजी फारच वाढली, की मात्र त्याच्या हातून बांगड्या फुटायच्या.

त्याचे दोन जिवलग मित्र होते. एक आचारी आणि दुसरा सनईवाला. तिघं एकाच डोहात पोहायला शिकले होते. कासाराच्या लेकीचं लग्न ठरलं, तेव्हा पारावर बसून त्याने ही बातमी आधी या दोघांना सांगितली.

"मग जेवणाचं माझ्याकडे लागलं," आचारी म्हणाला.

"आणि मांडवात दुसऱ्या कुणाची सनई वाजली तर बघ," सनईवाला म्हणाला.

कासार खुशीत घरी आला आणि बायकोला सगळं सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता तिने विचारलं, "सुपारी दिलीत का?"

त्या मुलखात रीतच होती. लग्नाचं काम कुणाला सांगायचं, तर विड्याच्या पानावर सुपारी ठेवून ती त्याच्या हातात द्यायची. घेणाऱ्याने ती कमरेला खोचली, की आभाळ कोसळलं तरी तो यायचाच. सुपारी नसेल तर बोलाचीच कढी आणि बोलाचाच भात.

"मित्रांना कसली सुपारी? घरचीच माणसं ती," कासार म्हणाला. "त्यांना अपमान वाटेल."

"आणि तुम्ही हो? माझ्या सख्ख्या मावशीकडचं लग्न होतं, तरी पान येईपर्यंत बांगड्यांची पेटी उघडली नव्हती तुम्ही."

कासाराच्या मनात पाल चुकचुकली ती चुकचुकलीच.

मग त्याला एकेक आठवायला लागलं. आचाऱ्याच्या हाताला चव होती, पण चित्त ठिकाणावर नसायचं. एका बारशाला गप्पांच्या नादात त्याने भात करपवला होता. स्वतःच्या बहिणीच्या केळवणाला तो पोचला, तेव्हा मंडळी हात धुऊन बडीशेप खात बसली होती. सनईवाला तर एका जत्रेला म्हणून गेला, तो तिथून दुसऱ्या, तिथून तिसऱ्या जत्रेला. घरची माणसं त्याला शोधत फिरत होती. वऱ्हाड दारात आलं आणि चूलच पेटलेली नसली तर? भरल्या मांडवात लेकीची मान खाली जाईल. सासरी तिला जन्मभर ऐकून घ्यावं लागेल, की तुझ्या बापाने आम्हाला उपाशी ठेवलं होतं. मन चिंती ते वैरी न चिंती म्हणतात, ते काही खोटं नाही.

शेवटी बायकोनेच तोड काढली. "सनईवाल्या भाऊजींकडे मी जाते. आचारी तुमच्या जास्त जवळचा, त्याच्याकडे तुम्ही जा. पान द्या आणि मनात आहे ते बोलून मोकळे व्हा."

ती गेली, सनईवाल्याच्या हातावर सुपारी ठेवली आणि म्हणाली, "भाऊजी, त्या जत्रेसारखं केलंत तर माझ्या दारात उभं राहू नका."

सनईवाला खळखळून हसला. "बरं झालं बजावलंत वहिनी. मला सांगावंच लागतं," म्हणाला आणि त्याने सुपारी कमरेला खोचली.

कासारही सुपारी घेऊन आचाऱ्याच्या दारी गेला. अंगणात आचाऱ्याचं मोठं पितळी तपेलं पालथं पडलेलं होतं आणि त्याच्यावर कोंबडी बसली होती. कासार मनात म्हणाला, लग्न तोंडावर आलं आणि याच्या तपेल्यावर कोंबड्यांचं राज्य.

आचाऱ्याने गूळपाणी दिलं. कासार पावसाबद्दल बोलला, म्हशीबद्दल बोलला, म्हशीच्या रेडकाबद्दलही बोलला. सुपारी मुठीत घामाने ओली झाली. आता दिली तर म्हणेल, इतक्या वर्षांत हेच ओळखलंस का मला? आणि बारशाच्या भाताचा विषय काढला तर कायमचाच तुटेल. आचारीही मधेच काही बोलायला जाई आणि थांबे. अखेर कासार उठला.

"बरं, येतो."

"ये," आचारी म्हणाला, आणि उगाचच कुंपणापर्यंत सोडायला आला.

भीड भिकेची बहीण म्हणतात ती अशी. घरी बायकोने विचारलं तेव्हा कासार "झालं" एवढंच म्हणाला. आणि दुसऱ्या दिवशी बांगड्या आणायच्या निमित्ताने शेजारच्या गावी जाऊन तीच सुपारी त्याने एका अनोळखी आचाऱ्याच्या हातावर ठेवली.

परत येताना त्याला वाटलं, सुटलो एकदाचा. पण सुटतोय कसला. आता मित्रही आला तर? एका मांडवात दोन आचारी? सांगून टाकावं, तर सांगणार कोणत्या तोंडाने? त्याने पारावर जाणं सोडलं. आचारी समोरून दिसला की हा वाट बदलायचा. एकदा तर त्याला चुकवायला तो दुसऱ्याच्याच गोठ्यात शिरला आणि म्हशीच्या शेपटीचा फटकारा खाऊन बाहेर आला. आचाऱ्याने ते लांबून पाहिलं.

लग्नाचा दिवस उजाडला. सनईवाला सगळ्यांच्या आधी येऊन बसला होता. परका आचारीही वेळेवर आला, चूल पेटली, वरणाला उकळी फुटली. बायकोने "हा कोण?" म्हणून विचारलं, तसा कासार पाहुण्यांकडे निघून गेला. वास्तविक आता कासाराने निवांत व्हायचं. पण त्याचा जीव वाटेकडे लागला होता. देवा, तो विसरभोळा आहेच, आजचा दिवस तेवढा त्याला विसरू दे, असं तो मनात म्हणत होता.

आणि नेमका आचारी आला. ऊन चढायच्या आत आला. डोक्यावर तेच तपेलं होतं, आतून नवी कोरी कल्हई केलेलं. कल्हईवाल्याची वाट बघत ते अंगणात पालथं पडलं होतं. आचाऱ्याने पेटलेली चूल पाहिली, परक्याच्या हातातला झारा पाहिला आणि तपेलं हळूच खाली ठेवलं.

"तुला सुपारी कुठे दिली होती मी," कासाराच्या तोंडून निघून गेलं. त्याला हे बोलायचं नव्हतं.

"नव्हती दिलीस," आचारी म्हणाला. "त्या दिवशी तुझ्या मुठीत दिसली होती. म्हटलं आता देईल, मग देईल. मित्राच्या लेकीच्या लग्नाची सुपारी मागून कशी घ्यायची? मग मिळाली असं समजून चाललो. तुझ्या मनात बारशाचा भात होता ना?"

कासाराने मान डोलावली.

"विचारायचं होतंस गड्या. मीच सांगितलं असतं, की माझ्या चुलीपाशी कुणाला बसू देऊ नकोस, मी बोलण्यात वाहवतो. तेवढं केलं की माझा भात करपत नाही."

एवढं बोलून त्याने धोतर वर खोचलं आणि पंगत बसताच वाढायला घेतलं.

जेवण छान झालं. वऱ्हाडाने बोटं चाटली, लेक ताठ मानेने सासरी निघाली. ज्याची धास्ती घेतली होती त्यातलं काहीसुद्धा घडलं नाही. सगळ्यात शेवटी कासार पानावर बसला. आचाऱ्याने त्याला भात वाढला, वर तूप सोडलं आणि पाहुण्याला म्हणावं तसं म्हणाला, "सावकाश होऊ द्या." डोहात पोहायला शिकल्यापासून त्याने कासाराला कधी अहो-जाहो केलं नव्हतं.

पुढे कित्येक महिने कासार पाराकडे फिरकला नाही. मग एका सकाळी आचारीच त्याच्या दारात उभा राहिला. त्याने पान पुढे केलं, त्यावर सुपारी होती.

"माझ्या लेकीचं लग्न आहे. चुडा तूच भरायचास. आणि आधीच सांगून ठेवतो, तू काळजीत पडलास की तुझा हात थरथरतो आणि बांगड्या फुटतात. तेव्हा मनात काही आलं तर सरळ माझ्याकडे यायचं. लोकांच्या गोठ्यात शिरायचं नाही."

कासाराला हसू आलं आणि रडूही आलं. त्याने सुपारी कमरेला खोचली, दोनदा चाचपून पाहिली. तरी सवय कुठे जाते? "अरे, पण मला यायला उशीर झाला तर?"

"तर मी बोलवायला येईन," आचारी म्हणाला. "दोन गल्ल्या तर सोडून राहतोस."

तात्पर्य: मित्राला काम सांगताना सुपारीबरोबर मनातली शंकाही त्याच्या हातावर ठेवावी. शंका ऐकून मित्र तुटत नाही, ती लपवली की परका होतो.